आजाऱ्याचा कागद कोणाचा?

गेल्या सुक्कोथमध्ये प्रार्थना आटोपल्यावर एका भगिनीने आम्हांला बाजूला घेतले. त्यांच्या यजमानांचे मोठे ऑपरेशन झाले होते. दुसऱ्या एका डॉक्टरांचा सल्ला घ्यावा म्हणून त्या इस्पितळात सगळी फाईल मागावयास गेल्या, तर खिडकीवरच्या कारकुनाने सांगितले, "यजमानांची सही आणा. त्याशिवाय एक पानही मिळणार नाही." बिचाऱ्या अगदी रडकुंडीला आल्या होत्या. म्हणाल्या, "बाई, चाळीस वर्षे संसार केला. त्यांची पथ्याची भाकरी मी भाजते, रात्री उठून औषध मी देते. आणि हा कालचा पोरगा मला विचारतो, तुम्ही कोण? मग मी काय परकी झाले?"

सहीचा कागद कसा भरावयाचा ते आम्ही त्यांना दाखविले आणि आठवड्याभरात त्यांचे काम झाले. परंतु त्यांचा प्रश्न काही आमच्या मनातून जाईना. कारण तोच प्रश्न, तेवढ्याच रागाने, आम्ही स्वतः २०१३ साली अशाच एका खिडकीपाशी विचारला होता. त्याचे उत्तर आम्हांस फार उशिरा कळले. ते आमच्या वाचक बंधुभगिनींपुढे मांडावे, म्हणून हा लेख.

आधी व्यवहाराची गोष्ट सांगून टाकतो, कारण ती पुष्कळांना ठाऊक नसते. इस्रायलात १९९६ साली रुग्णाच्या हक्कांचा कायदा झाला. त्याच्या सतराव्या कलमाप्रमाणे उपचार करणाराने उपचाराची नोंद ठेवलीच पाहिजे. अठराव्या कलमाप्रमाणे ती माहिती, तिच्या नकलेसह, मागण्याचा हक्क रुग्णाला आहे. घरी सोडताना हातात जो 'सिकूम इश्पूझ' देतात तो नुसता सारांश असतो. दुसऱ्या डॉक्टरांना दाखवावयाचे असेल तर ऑपरेशनचा वृत्तांत, तुकडा तपासल्याचा अहवाल, रक्ताच्या तपासण्या आणि स्कॅनची डिस्क असे एकेक नाव लिहून, तारखा घालून मागावे. सोबत तेउदत झेहूत न्यावी. स्वतः जाता येत नसेल तर आजाऱ्याने 'वितूर सोदियूत', म्हणजे आपल्या माहितीची गुप्तता अमक्या माणसापुरती सोडल्याचे पत्र, सही करून द्यावे. हल्ली पुष्कळ ठिकाणी हा अर्ज संगणकावरूनही करता येतो. नातवंडांना सांगितले म्हणजे ती करून देतात.

मुंबई-ठाण्यात ज्यांचे नातलग आहेत त्यांनी हेही लक्षात ठेवावे, की मुंबई उच्च न्यायालयाने त्याच १९९६ साली रुग्णाला केसपेपरच्या नकला मिळाल्या पाहिजेत असा निर्णय दिला. पुढे २००२ साली भारतीय वैद्यक परिषदेने केलेल्या नियमांत, मागणी आल्यापासून ७२ तासांत कागद द्यावेत असे सांगितले आहे. मात्र इस्पितळात राहिलेल्या रुग्णाचे कागद तीनच वर्षे जपून ठेवण्याचे बंधन त्यात आहे. म्हणून तिकडच्या मंडळींनी आळस करू नये.

व्यवहार एवढाच. आता खरा प्रश्न: हा कागद कोणाचा?

आमच्या लहानपणी मुंबईत हा प्रश्न कोणाच्या मनातही येत नसे. घरोघरी पत्र्याची एक ट्रंक असे. तीत वर लग्नाचा शालू, मध्ये भाड्याच्या पावत्या आणि अगदी तळाशी इस्पितळाचे केसपेपर व एक्स-रेचे मोठे तपकिरी पाकीट. केसपेपर घेऊन गेले नाही तर पुन्हा रांगेत उभे राहावे लागे, म्हणून तो दागिन्यासारखा जपत. पण त्यावर काय लिहिले आहे ते घरात कोणाला वाचता येत नसे. इंग्रजी भाषा, तीही डॉक्टरांच्या अक्षरात! कागद आमचा होता, त्यातला मजकूर मात्र आमचा नव्हता. येथे आलो तेव्हा उलटे झाले. कागद कुपत होलीमच्या कपाटात गेले आणि पुढे संगणकात गेले. ते मिळविण्याचा रस्ता कायद्याने मोकळा केला, पण आमच्या वडीलधाऱ्यांच्या दृष्टीने भाषा पुन्हा परकीच राहिली.

कोणी म्हणेल, लिहिणारा डॉक्टर, शाई इस्पितळाची, मग कागद त्यांचा. आम्ही शाळेत तीसएक वर्षे इंग्रजी शिकविले, तेव्हा याचा विचार शाळेच्याच उदाहरणाने करतो. मुलाचे प्रगतिपुस्तक मास्तर लिहितात आणि शाळा छापते. पण ते मुलाचे असते, कारण त्यात जे पास-नापास होते ते मूल. मास्तरांच्या खिशात आणखी एक छोटी वही असते. 'याच्या घरी काही बिनसले आहे, सांभाळून घ्यावे', असे काहीबाही तीत लिहिलेले असते. ती वही मास्तरांची. कायद्यानेही अगदी हाच भेद केला आहे. डॉक्टरने स्वतःसाठी केलेली टिपणे वगळली आहेत. बाकी निदान, उपचार, तपासणी हे सारे रुग्णाला पाहता येते. ज्याच्या देहाविषयी लिहिले, त्याचा त्यावर हक्क.

येथवर सर्वांना पटेल. पटत नाही ते याच्या पुढचे, कारण येथून पुढे इस्पितळ बाजूला राहते आणि आपले घर सुरू होते.

आमची आई २०१३ सालच्या पेसाहनंतर अकरा दिवस इस्पितळात होती. वय एकोणऐंशी. तिचे शिक्षण रेवदंड्याच्या मराठी शाळेत चौथीपर्यंत. पस्तीस वर्षे येथे काढून हिब्रू आले ते बाजारापुरते आणि बसमधल्या भांडणापुरते. बाराव्या दिवशी एक तरुण डॉक्टर आले. त्यांनी आईकडे पाहून स्मित केले आणि आम्हां तिघा भावंडांना बाहेर बोलावले. आईला हिब्रू समजत नाही, हे त्यांना ठाऊक होते. व्हरांड्यात त्यांनी सांगितले की आतड्यात गाठ आहे, ती चांगली नाही, यकृतापर्यंत पोचली आहे, आणि या वयात कापाकापी करू नये.

कॉफीच्या यंत्रापाशी उभे राहून आम्ही पाच मिनिटांत ठरविले: आईला सांगावयाचे नाही. थोरला भाऊ म्हणाला, "ती हाय खाईल." धाकटी बहीण नुसती रडत होती. आम्हीही मान हलविली. आपल्या लोकांत हे नवे नव्हे. त्या आजाराचे नावसुद्धा घेत नसत. 'मोठा आजार' म्हणत आणि पुढे बोलत नसत. यात दुष्टपणा नव्हता, माया होती. हे आम्ही आजही म्हणतो.

घरी आल्यावर आई म्हणाली, "बाय, कागदात काय लिहिलंय ते वाच." आम्ही तो सारांश हातात धरून मराठीत वाचून दाखविला: आतड्याला सूज आहे, रक्त कमी आहे, अमुक गोळ्या घ्याव्यात, महिन्याने दाखवावे. त्यात खोटे असे एक वाक्य नव्हते. फक्त मधली दीड ओळ आम्ही गाळली होती. वर्गात भाषांतर करताना एखाद्या मुलाने अवघड शब्द गाळला तर आम्ही त्याचे मार्क कापीत असू. "कळले नाही तर तसे लिही, पण गाळू नकोस," असे बजावीत असू. त्या दिवशी आम्ही काय केले हे आमच्या लक्षातही आले नाही.

पुढे भावाने एका मोठ्या डॉक्टरांची वेळ मिळविली आणि सगळी फाईल हवी झाली. आम्ही खिडकीपाशी गेलो. कारकुनाने विचारले, "रुग्ण कोण?" "आई." "त्यांची सही आणा." आम्ही पुष्कळ वाद घातला. सकाळ-संध्याकाळ आम्हीच तिचे करतो, ती म्हातारी आहे, तिला हिब्रू येत नाही. कारकून ढिम्म हलला नाही. आम्ही मनात त्याला नावे ठेवीत घरी आलो.

आईने चष्मा लावला. कागद उलटासुलटा पाहिला. "कसली सही, बाय?"

आम्ही म्हटले, "औषधाच्या पैशांची."

तिने टेबलावर कोपर टेकून, लहान मुलीसारखे एकेक अक्षर गिरवीत, मराठीत आपले नाव लिहिले. त्या सहीवर आम्हांला साठ-सत्तर पाने मिळाली. गाठ किती, कोठे, कोणत्या पायरीवर, सारे आम्हां तिघांना कळले. ज्या एका माणसाच्या सहीने कळले, तिला तेवढे कळले नाही.

मोठ्या डॉक्टरांनी निराळे काही सांगितले नाही. जून महिन्यात आईला जरा बरे वाटू लागले. एके दिवशी म्हणाली, "अंगात ताकद आहे तोवर ठाण्याला जाऊन येऊ का? आक्काला बघून नऊ वर्षं झाली." आक्का म्हणजे आमची मोठी मावशी. आम्ही म्हणालो, "आता तिकडे पावसाळा. हिवाळ्यात जाऊ." आई म्हणाली, "बरं."

हिवाळा आला तेव्हा आईला पायऱ्यासुद्धा उतरवत नव्हत्या. हनुक्काच्या दिवसांत एका संध्याकाळी तिने आम्हांला जवळ बसविले. "बाय, तो कागद आण. आणि या वेळी सगळा वाच."

आम्ही चाचरलो. ती म्हणाली, "सहा महिने तुम्ही तिघं एकमेकांशी भांडला नाहीत. मला तेव्हाच कळलं." 

आम्ही फाईल आणली आणि वाचली. दीड तास लागला. दोनदा तिने थांबवून शब्दाचा अर्थ विचारला. रडली नाही. शेवटी तिने विचारले, "हा कागद कधीचा?" आम्ही म्हटले, "मे महिन्यातला." ती थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, "म्हणजे मी ठाण्याचं काढलं तेव्हा तुला ठाऊक होतं."

आमच्यापाशी उत्तर नव्हते. आजही नाही.

मग तिने जे म्हटले ते आम्ही जन्मभर विसरणार नाही. "यशया संदेष्टा हिज्कीया राजाकडे गेला तो थेट त्याच्याकडे गेला. तू मरणार, घराची व्यवस्था लाव, असं तोंडावर सांगितलं. राजाच्या पोरांना गाठून व्हरांड्यात नाही सांगितलं. आणि राजाला कळलं म्हणून तर त्यानं भिंतीकडे तोंड करून देवाला हाक मारली. त्याला पंधरा वर्षं मिळाली. मला पंधरा नको होती रे बाबांनो. मला जून हवा होता."

त्याच रात्री तिने मावशीला फोन लावावयास सांगितले. दोघी म्हाताऱ्या पाऊण तास बोलल्या, पुष्कळसे लहानपणीच्या नारळीच्या वाडीविषयी. नंतरच्या दिवसांत तिने कोणत्या नातीला कोणती बांगडी, ते ठरविले. शेजारणीशी जुना अबोला होता तो सोडविला. आपल्या शेवटच्या दिवसाची व्यवस्था स्वतः सांगितली. २०१४ च्या जानेवारीत ती गेली. त्या सात आठवड्यांत तिने जेवढे केले, तेवढे आधीच्या सात महिन्यांत आम्ही तिला करू दिले नव्हते.

आता दुसरी बाजूही मांडली पाहिजे, कारण ती बाजू पोकळ नाही. आजाऱ्याच्या मनाला जपणे हेही आपल्याकडे मोठे कर्तव्य मानले आहे. तलमूदच्या 'मोएद कटान' या भागात सांगितले आहे, की आजारी माणसाचा जवळचा नातलग वारला तर ते त्याला कळवू नये, नाही तर त्याच्या मनाचा तोल जाईल. आमच्या भावाचे म्हणणे याच जातीचे होते. परंतु विचार केल्यावर आम्हांस एक फरक दिसतो. तेथे लपविली जाते ती दुसऱ्याची बातमी; आजाऱ्याने ती आज ऐकली काय आणि महिन्याने ऐकली काय, गेलेले माणूस परत येत नाही. आईपासून आम्ही लपविली ती तिची स्वतःची बातमी होती, आणि तिच्यात उरलेले दिवस मोजलेले होते.

कायद्यानेही ही भीती ओळखली आहे. माहिती दिल्याने रुग्णाला गंभीर अपाय होण्याचा संभव असेल तर डॉक्टर ती रोखू शकतो. पण ते त्याच्या एकट्याच्या मर्जीवर सोडलेले नाही, प्रकरण एका समितीपुढे जाते. तिच्यात जिल्हा न्यायाधीश होण्याच्या योग्यतेचा अध्यक्ष, निरनिराळ्या शाखांचे दोन तज्ज्ञ डॉक्टर, एक मानसशास्त्रज्ञ अथवा समाजसेवक, आणि जनतेचा प्रतिनिधी किंवा धर्माचा जाणकार, अशी पाच माणसे असतात. एका माणसापासून त्याचे सत्य लपवावयाचे तर पाच शहाण्यांनी बसून विचार करावा, असे कायद्याला वाटले. आम्ही तिघांनी ते कॉफी थंड होण्याच्या आत उरकले.

मग प्रत्येकाला सगळे सांगितलेच पाहिजे का? नाही. आमच्या एका वडीलधाऱ्या नातलगांनी डॉक्टरांदेखत मुलाला सांगितले होते, "तू ऐक, तू वाच, तू ठरव. मला फक्त दुखणार नाही एवढं बघ." त्यांनी शेवटपर्यंत आजाराचे नाव विचारले नाही, आणि मुलाने सांगितले नाही. हे लपविणे नव्हे. आपला कागद त्यांनी स्वतःच्या हाताने मुलाच्या हाती दिला होता. न कळण्याचा हक्कही त्यांचाच होता आणि तो त्यांनी वापरला. आमच्या आईला मात्र आम्ही विचारलेच नव्हते. तिने विचारले तेव्हा आम्ही दीड ओळ गाळली.

म्हणून त्या भगिनीस आमचे उत्तर असे. ताई, खिडकीवरच्या त्या पोराने तुम्हांला परके म्हटले नाही. त्याने तुम्हांला एवढेच सांगितले, की घरी जा आणि यजमानांना विचारा. ही सही म्हणजे घरात एकदा विचारण्याची सक्ती आहे. बायको असो, मुलगा असो, मुलगी असो, आपण जितके जवळचे तितके न विचारता ठरवून टाकतो. इस्पितळ परके म्हणून त्याला कायद्याने अडविले आहे. आपल्याला अडविणारी एवढी ही एकच सही आहे. ती आम्ही खोटे सांगून घेतली. तुम्ही खरे सांगून घेतली असेल, अशी आमची खात्री आहे.

आणखी एक गोष्ट आपल्या समाजाने मनावर घ्यावी. आरोग्य मंत्रालयाने २०११ साली इस्पितळांतील भाषेच्या सोयीविषयी परिपत्रक काढले. तेव्हापासून अरबी, रशियन, अम्हारी बोलणाऱ्या आजाऱ्यांसाठी पुष्कळ ठिकाणी दुभाषे दिसतात. मराठी दुभाषा आम्ही कोठे पाहिला नाही. आपल्या म्हाताऱ्या माणसांचे दुभाषे आपणच, म्हणजे मुले, सुना, शेजारी. तेव्हा दुभाष्याचा धर्म आपणच पाळावयास हवा. कागद उघडण्यापूर्वी आजाऱ्याला विचारावे, "किती ऐकायचे आहे? सगळे, की थोडे?" जेवढे म्हणेल तेवढे वाचावे. वाचावयाचे तेवढ्यात गाळू नये आणि आपल्या पदरचे घालू नये. शब्द कळला नाही तर कळला नाही म्हणावे. डॉक्टर व्हरांड्यात बोलावू लागला तर नम्रपणे सांगावे, "आत बोला, मी त्यांना मराठीत सांगते." आईबापांचा मान राखण्याची आज्ञा सिनाय पर्वतावर मिळाली. त्या मानात त्यांना पाणी देणे आणि पांघरूण घालणे येते, तसेच त्यांना त्यांचे सत्य देणेही येते, असे आम्हांस वाटते.

आता आम्हीही साठी ओलांडली. आमच्या मुलांना मराठी बोललेले समजते, पण वाचता येत नाही. आम्हांला हिब्रू वाचता येते, तरी नवीन औषधांची नावे मुलांनाच विचारावी लागतात. म्हणजे रांगेत आमचा नंबर आता पलीकडच्या बाजूला लागला. गेल्या वर्षी एका तपासणीनंतर आम्ही मुलांना जवळ बसविले आणि 'वितूर सोदियूत'चा कागद स्वतः भरून, सही करून दिला. म्हटले, "तुम्हांला सगळे बघता येईल. पण आधी मला वाचून दाखवायचे, मग आपसांत बोलायचे." मुलगा हसून म्हणाला, "ईमा, तू अजून वर्गातच आहेस." असू दे. जो धडा आम्ही स्वतः नापास होऊन शिकलो, तो मुलांना आधीच शिकविलेला बरा.

आजाऱ्याचा कागद आजाऱ्याचा. आपण तो फक्त त्याच्यापर्यंत पोचवावयाचा.

आपल्या समाजातील सर्व आजाऱ्यांना परमेश्वर रेफुआ शलेमा देवो. आमेन.